कोंडवाड्यातला पासपोर्ट

इंग्रजीत 'इंपाउंड' असा एक शब्द आहे. कायद्याच्या पुस्तकात तो कागदपत्रांच्या बाबतीत येतो आणि वर्तमानपत्रवाले त्याचं भाषांतर सरसकट 'जप्त करणे' असं करून मोकळे होतात. पण या शब्दाचं मूळ 'पाउंड'मध्ये आहे आणि पाउंड म्हणजे आपला कोंडवाडा. मोकाट गुरं पकडून ज्यात घालतात तो. म्हणजे पासपोर्ट इंपाउंड केला याचा शब्दशः अर्थ पासपोर्ट कोंडवाड्यात घातला, असा होतो.

शहरातल्या मंडळींना कोंडवाडा म्हणजे काय ते सांगावं लागेल. शहापूर-मुरबाडकडच्या माणसाला ते सांगायला नको. दुसऱ्याच्या भातात बैल शिरला की तो शेतवाला बैलाला हाकत कोंडवाड्यात नेणार, मग मालक धावत येणार, शिव्या देत का होईना पण दंड आणि चाऱ्याचे पैसे भरणार आणि बैल सोडवून नेणार. या सगळ्याला इंग्रजांनी १८७१ साली कायदाच केला होता. त्या कायद्यातल्या दोन गोष्टी मला फार गमतीच्या वाटतात. आपलं जनावर विनाकारण धरलं असं मालकाला वाटलं तर दहा दिवसांच्या आत मॅजिस्ट्रेटकडे तक्रार करायची सोय त्यात होती. आणि धरणाऱ्याने बेकायदा धरलं असं ठरलं तर मालकाला शंभर रुपयांपर्यंत भरपाई मिळायची. १८७१ सालचे शंभर रुपये!

म्हणजे बैल अडकवायचा तर त्याला कारण हवं, हिशोब हवा, आणि 'का अडकवला' असं विचारायला एक जागा हवी, एवढं शहाणपण दीडशे वर्षांपूर्वी सरकारकडे होतं. माणसाच्या पासपोर्टाबद्दल हेच शहाणपण यायला मात्र १९६७ साल उजाडावं लागलं. आणि ते आलं ते सरकारला आपणहून सुचलं म्हणून नव्हे, एका आरोप असलेल्या माणसाने कोर्टात भांडण केलं म्हणून. ज्याच्यावर गुन्हा दाखल आहे, खटला अजून उभा राहायचा आहे, अशा माणसाचा पासपोर्ट कोणी ठेवून घ्यायचा, किती दिवस, आणि परत कधी द्यायचा, हा प्रश्न आज आपल्या खेड्यापाड्यांपर्यंत येऊन पोचला आहे. म्हणून त्याची गोष्ट जरा मुळापासून सांगतो.

परवानगीशिवाय हद्द ओलांडायची नाही ही कल्पना आपल्याकडे नवी नाही. जुना शब्द दस्तक. शाळेत आग्र्याची सुटका शिकवताना मुलांचं सगळं लक्ष पेटाऱ्यांकडे असायचं, पण मी त्यांना आधी दस्तकांकडे वळवायचो. १६६६ साली महाराज आग्र्यात नजरकैदेत पडले तेव्हा त्यांनी आपल्याबरोबरच्या लोकांना परत पाठवायची परवानगी बादशहाकडे मागितली. ती मिळाली, दस्तकं निघाली, माणसं दक्षिणेकडे चालू लागली. माणसांना दस्तक मिळालं, राजाला नाही! बादशहाने महाराजांवर कुठला खटला भरला नव्हता, कुठला आरोप वाचून दाखवला नव्हता. जाऊ द्यायचं की नाही ही त्याची मर्जी. 'मर्जी' हा शब्द लक्षात ठेवा, पुढे तो पुन्हा येणार आहे.

पासपोर्ट नावाची वस्तू आपल्याकडे खऱ्या अर्थाने आली ती पहिल्या महायुद्धात. युद्धाच्या धामधुमीत हिंदुस्थान सरकारने पासपोर्टाचे नियम केले आणि त्याचा फटका कुणाला बसावा? लोकमान्यांना. १९१८ साली होमरूलची मागणी घेऊन टिळक, न. चिं. केळकर, दादासाहेब खापर्डे, करंदीकर आणि बिपिनचंद्र पाल ही मंडळी विलायतेला निघाली. कोलंबोपर्यंत पोचली. तिथे कळलं की लंडनच्या युद्धमंत्रिमंडळाने त्यांचे पासपोर्ट रद्द केले आहेत. मुकाट्याने परत फिरावं लागलं. त्याच वर्षी पुढे टिळक विलायतेला गेले, पण ते सर व्हॅलेंटाइन चिरोलवर केलेल्या बदनामीच्या दाव्यासाठी. त्या वेळी पासपोर्ट देताना 'तिथे राजकीय चळवळ करायची नाही' अशी अट घातली होती. म्हणजे दावा लावायला जा, बोलायला जाऊ नका. आज जामीन देताना 'देश सोडायचा नाही, अमुक करायचं नाही' अशा अटी असतात ना, त्यांची ही आजी म्हणायला हरकत नाही.

स्वातंत्र्य आलं. राज्यघटना आली. पण गंमत बघा, पासपोर्ट द्यायचा की नाही याविषयी कायदा म्हणून काही नव्हताच. १९२०चा एक कायदा होता, पण तो देशात येणाऱ्यांसाठी. बाहेर जाणाऱ्याने पासपोर्ट घ्यावा असं कुठल्याही कायद्यात लिहिलेलं नव्हतं. मात्र पासपोर्टाशिवाय कुठलीही जहाज कंपनी की विमान कंपनी तिकीट देणार नाही, त्यामुळे व्यवहारात पासपोर्ट नाही तर प्रवास नाही. आणि पासपोर्ट द्यायचा तर सरकारची मर्जी! दिला तर दिला, काढून घेतला तर घेतला, कारण विचारायचं नाही. बादशहाची दस्तकं आणि प्रजासत्ताक भारताचा पासपोर्ट यांत या बाबतीत काडीचा फरक नव्हता.

या मर्जीला आव्हान देणाऱ्यांत आपलं मुंबई उच्च न्यायालय पुढे होतं, हे मराठी माणसाला माहीत असायला हवं. १९६५-६६च्या सुमारास पासपोर्टाचंच एक प्रकरण तिथे आलं होतं. परदेशी जाण्याचा आणि परत येण्याचा हक्क हा घटनेच्या एकविसाव्या कलमातल्या व्यक्तिस्वातंत्र्याचाच भाग आहे, असा निर्णय त्या न्यायालयाने दिला. सगळी उच्च न्यायालयं या मताची नव्हती. दिल्लीने उलटा निर्णय दिला होता. त्यामुळे प्रश्न सर्वोच्च न्यायालयात जाणार हे ठरलेलंच होतं.

तो गेला सतवंतसिंग साहनी या व्यापाऱ्यामुळे. हे आयात-निर्यातीचा धंदा करणारे गृहस्थ. आयात परवान्याच्या अटी मोडल्याच्या संशयावरून त्यांची चौकशी चालू होती. १९६६च्या ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये त्यांना पत्रं आली की पासपोर्ट परत करा, तुम्हाला दिलेली सवलत काढून घेतली आहे. 'सवलत' हा शब्द बघा! साहनी कोर्टात गेले. सरकारचं म्हणणं असं की पासपोर्ट ही सरकारची वस्तू, परराष्ट्र व्यवहाराचा भाग, तो देणं न देणं आमच्या अखत्यारीत. त्यातून हा माणूस चौकशीतला, पळून गेला तर?

१० एप्रिल १९६७ रोजी पाच न्यायमूर्तींच्या पीठाने तीन विरुद्ध दोन अशा बहुमताने निकाल दिला. सरन्यायाधीश सुब्बाराव यांनी बहुमताचा निकाल लिहिला. त्याचा गाभा अगदी सोपा आहे. घटना म्हणते, कायद्याने ठरवलेल्या पद्धतीशिवाय कुणाचं व्यक्तिस्वातंत्र्य काढून घेता येणार नाही. इथे कायदाच नाही, मग पद्धत कुठली? आणि ज्याला वाटेल त्याला द्यायचा आणि वाटेल त्याचा काढून घ्यायचा, ही तर समानतेलाच हरताळ फासणारी गोष्ट झाली. निकाल दिला आणि दुसऱ्याच दिवशी सुब्बाराव पायउतार होऊन राष्ट्रपतिपदाच्या निवडणुकीला उभे राहिले. झाकीर हुसेन यांच्याकडून हरले, पण जाता जाता आरोपाच्या छायेतल्या एका माणसाच्या निमित्ताने ते सगळ्या देशाला हा हक्क देऊन गेले.

सरकारची धावपळ उडाली. महिन्याच्या आत वटहुकूम आणि जूनमध्ये पासपोर्ट कायदा, १९६७. आजही तोच कायदा चालू आहे. त्याच्या दहाव्या कलमात पासपोर्ट कधी अडकवता येतो याची यादी दिली आहे. फौजदारी न्यायालयात गुन्ह्याची कारवाई प्रलंबित असणे हे त्यातलं एक कारण. वॉरंट किंवा समन्स निघालं असणे, देश सोडू नये असा कोर्टाचा हुकूम असणे हे दुसरं. अडकवला तर कारणं लेखी नोंदवायची, मागितल्यास त्यांची प्रत द्यायची, वर अपिलाचीही सोय. थोडक्यात काय, कोंडवाड्याचे नियम एकदाचे पासपोर्टालाही लागू झाले. शहाण्णव वर्षं उशिरा!

पण नियम लिहिले म्हणजे पाळले असं थोडंच आहे. त्या कायद्यात एक पळवाट होती, 'जनतेच्या हितासाठी' या शब्दांची. जुलै १९७७मध्ये मेनका गांधींना पत्र आलं, जनतेच्या हितासाठी तुमचा पासपोर्ट अडकवण्याचं ठरवलं आहे, सात दिवसांत आणून द्या. त्यांनी कारण विचारलं. उत्तर आलं, जनतेच्या हितासाठीच कारण सांगता येत नाही! आणीबाणी नुकतीच संपली होती, ज्यांनी आणीबाणी आणली त्यांच्या घरच्या सुनेवर ही वेळ आली होती. त्या वेळी पुष्कळांना यात काही गैर वाटलं नव्हतं. 'आता कळेल त्यांना' अशीच भावना होती. त्यांच्यावर तेव्हा खटला नव्हता, चौकशी आयोगापुढे त्यांची गरज लागेल असं सरकारचं म्हणणं होतं.

सात न्यायमूर्तींचं पीठ बसलं. त्यात आपले यशवंतराव चंद्रचूड होते, पुढच्याच महिन्यात ते सरन्यायाधीश झाले. २५ जानेवारी १९७८चा तो निकाल आज कायद्याच्या प्रत्येक विद्यार्थ्याला तोंडपाठ असतो. नुसती पद्धत असून भागत नाही, ती न्याय्य आणि वाजवी हवी, आणि ज्याचा पासपोर्ट अडकवायचा त्याचं म्हणणं ऐकून घेतलं पाहिजे, हे त्यात ठरलं. पण एक गोष्ट फारशी कुणी सांगत नाही. एवढा गाजलेला निकाल, पण पासपोर्ट काही त्या दिवशी मेनका गांधींच्या हातात पडला नाही! तुमचं म्हणणं ऐकून घेऊ, आणि पुन्हा अडकवायचा झाला तर सहा महिन्यांपेक्षा जास्त नाही, असं सरकारी वकिलांनी आश्वासन दिलं आणि तोपर्यंत पासपोर्ट सर्वोच्च न्यायालयाच्या रजिस्ट्रारकडेच राहिला. तत्त्व सुटलं, पण वस्तू कपाटातच. हा पुढच्या सगळ्या गोष्टीचा नमुनाच म्हणायचा.

आता इथे थोडं मास्तरकीचं काम करतो. फळा-खडू घेऊन सांगावं तसं. आरोपीचा पासपोर्ट तीन हातांत जाऊ शकतो आणि लोक या तिन्हींची गल्लत करतात.

पहिला हात पोलिसांचा. झडतीत सापडलेली वस्तू गुन्ह्याशी संबंधित वाटली तर ती जप्त करायचा अधिकार त्यांना आहे. पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम १०२ होतं, १ जुलै २०२४पासून नव्या नागरिक सुरक्षा संहितेत ते १०६ झालं. दुसरा हात कोर्टाचा. जामीन देताना 'पासपोर्ट जमा करावा' अशी अट घालतात. ती बदलून मागायची तर कोर्टाकडेच अर्ज करावा लागतो. तिसरा हात पासपोर्ट अधिकाऱ्याचा. तो १९६७च्या कायद्याखाली, नोटीस देऊन, म्हणणं ऐकून, कारणं लिहून पासपोर्ट अडकवू शकतो.

पहिल्या आणि तिसऱ्या हातातला फरक सर्वोच्च न्यायालयाने २४ जानेवारी २००८ रोजी स्पष्ट केला. एकाहत्तरच्या युद्धातले नौदलप्रमुख ॲडमिरल नंदा यांचे चिरंजीव सुरेश नंदा यांचा पासपोर्ट सीबीआयने ऑक्टोबर २००६मध्ये झडतीत नेला होता. नेला तो ठेवूनच घेतला. खालच्या कोर्टाने परत द्यायला सांगितलं, दिल्ली उच्च न्यायालयाने तो हुकूम फिरवला. सर्वोच्च न्यायालयाने काय केलं, चक्क शब्दकोश उघडला. जप्त करणं म्हणजे एका क्षणी ताब्यात घेणं. पण घेतलेली वस्तू तशीच धरून ठेवली की ते झालं अडकवणं, म्हणजे आपला कोंडवाडा. पोलीस जप्त करू शकतात, अडकवू शकत नाहीत. पासपोर्टासाठी वेगळा खास कायदा आहे, तेव्हा त्या कायद्यातला अधिकारीच ते करील, तेही माणसाचं म्हणणं ऐकून. पोलिसांना वाटत असेल अडकवावा, तर त्यांनी पासपोर्ट त्या अधिकाऱ्याकडे पाठवावा.

बैल धरणारा शेतकरी आणि कोंडवाड्याचा कारकून यांत जो फरक, तोच हा. शेतकऱ्याने बैल धरावा, पण स्वतःच्या गोठ्यात बांधून ठेवू नये!

निकाल स्वच्छ आहे, पण आपल्याकडे कायदा दिल्लीहून निघून तालुक्याच्या ठाण्यापर्यंत यायला पॅसेंजर गाडीने येतो. शिवाय दुसरा हात, म्हणजे जामिनाच्या अटीचा, तसाच मोकळा राहिला. त्याचं एक उदाहरण माझ्या पाहण्यातलं आहे. माझा एक जुना विद्यार्थी, आमच्याच पट्ट्यातल्या एका गावचा. दहावीनंतर आयटीआय करून वेल्डर झाला आणि आखातात गेला. घरचा कुडाचा जाऊन विटांचा झाला तो त्या पैशावर. समृद्धी महामार्गाच्या मोजण्या सुरू झाल्या तेव्हा आमच्याकडे जमिनींचे भाव चढले आणि पिढ्यान् पिढ्या निवांत पडलेले बांध अचानक बोलायला लागले. हा सुट्टीवर आला होता, चुलत्याशी बांधावरून मारामारी झाली. कोयता निघाला, एक जण जबर जखमी झाला. फिर्यादीत घरातल्या सगळ्या पुरुषांची नावं घातली, त्यात याचंही. याला जामीन मिळाला, पासपोर्ट जमा करण्याच्या अटीवर.

आखातात राहण्याच्या परवान्याचा नियम असा की सहा महिने देशाबाहेर राहिलं की तो परवाना गळतो. याने अर्ज केला. तारीख पडली. सरकारी वकील नव्हते, तारीख पडली. तपासी अधिकाऱ्याची बदली झाली, नवीन साहेबांचं म्हणणं यायचं होतं, तारीख पडली. सहा महिने गेले, नोकरीही गेली. तो मला एकदा स्टेशनावर भेटला तेव्हा म्हणाला, "सर, मी पळून कुठं जाणार? म्हातारी इथं, पोरं इथं, घराचं कर्ज इथं." मला उत्तर देता आलं नाही. सात वर्षांनी खटला संपला, सगळे निर्दोष सुटले. साक्षीदारच फिरले होते, चुलत्या-पुतण्यांचं मधल्या काळात जमलं होतं. पासपोर्ट परत मिळाला तेव्हा त्याची मुदत संपून गेली होती. आता तो पडघ्याजवळ एका गोदामात कामाला जातो.

याला शिक्षा झाली की नाही? कागदावर नाही. पण त्याच्या हातातलं वेल्डिंगचं कसब आणि चाळिशीच्या आतली सात वर्षं याचा हिशोब कुठल्या निकालपत्रात नाही. बैल सोडवताना निदान चारा किती खाल्ला ते लिहिलेलं असतं.

दुसरी बाजूही सांगितली पाहिजे, नाहीतर तो इतिहास होणार नाही, वकीलपत्र होईल. त्या मारामारीत जखमी झालेला माणूसही माझ्या ओळखीचा आहे. आरोपी परदेशी निघून गेला तर फिर्यादीने करायचं काय? आपल्याकडचे लोक हे विसरलेले नाहीत की गुलशन कुमार यांच्या १९९७च्या खुनाच्या प्रकरणात नाव आलेले संगीतकार नदीम लंडनलाच राहिले आणि तिथल्या कोर्टांनी त्यांना भारताच्या हवाली करायला नकार दिला. विजय मल्ल्या मार्च २०१६मध्ये गेले, पासपोर्ट रद्द झाला एप्रिलमध्ये. नीरव मोदी जानेवारी २०१८मध्ये गेले, पासपोर्ट फेब्रुवारीत. बैल शेत खाऊन डोंगरापलीकडे गेल्यावर कोंडवाड्याचं दार उघडायचं, असा हा प्रकार. त्या संतापाचं पुढे काय होतं? पुढच्या प्रत्येक जामीन अर्जात 'पळून जाण्याची शक्यता' हे वाक्य येतं आणि ते येऊन आदळतं वेल्डरवर. मोठा मासा जाळं टाकण्याआधीच जातो, अडकतात ते लहान मासे.

म्हणून प्रश्न पासपोर्ट घ्यावा की न घ्यावा हा नाहीच. खटल्याला माणूस हजर राहावा म्हणून काही तारण ठेवून घेणं रास्त आहे. प्रश्न आहे तो किती दिवस, कशासाठी, आणि गरज संपली की परत देण्याची आठवण कुणाला, हा.

या बाबतीत अलीकडची काही मुंबई-ठाण्याकडची प्रकरणं एकाशेजारी एक ठेवून बघण्यासारखी आहेत. आर्यन खान याला ऑक्टोबर २०२१मध्ये जामीन मिळाला, पासपोर्ट जमा झाला. मे २०२२मध्ये तपास यंत्रणेनेच त्याच्याविरुद्ध पुरावा नाही म्हणून नाव वगळलं, आणि जुलैमध्ये विशेष न्यायालयाने पासपोर्ट परत द्यायला सांगितलं. नाव वगळल्यावरही अर्ज करावा लागला आणि दीड महिना गेला, पण मिळाला. यूट्यूबवरचे रणवीर अलाहाबादिया यांना फेब्रुवारी २०२५मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अटकेपासून संरक्षण देताना पासपोर्ट ठाण्याच्या पोलिसांकडे जमा करायला सांगितलं. त्यांनी परत मागितला तेव्हा आधी तपास पुरा होऊ द्या म्हणाले, आणि एप्रिलअखेर तो परत द्यायचा हुकूम झाला. अडीच महिने. रिया चक्रवर्ती यांना २०२०मध्ये जामीन मिळाला तो याच अटीवर. मधल्या काळात प्रत्येक परदेश प्रवासासाठी कोर्टाची परवानगी काढायची, जाऊन यायचं, पुन्हा जमा करायचा. २०२५मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ती अट काढून पासपोर्ट कायमचा परत द्यायला सांगितलं. पाच वर्षं. खटला मात्र अजून व्हायचाच होता.

यांची नावं तुम्हाला ठाऊक आहेत कारण वर्तमानपत्रांत आली. यांच्याकडे नामांकित वकील होते. तरी एकाला नऊ महिने, एकाला अडीच, एकीला पाच वर्षं. ज्याचा वकील तारखेला येतो की नाही याचीच खात्री नाही त्याचं काय होत असेल, याचा अंदाज करा.

चांगल्या बाजूने बोलायचं तर १ ऑक्टोबर २०२०चा सर्वोच्च न्यायालयाचा एक निकाल मला फार महत्त्वाचा वाटतो. महाराष्ट्रातल्याच एका फौजदारी प्रकरणातला आरोपी, अमेरिकेत ग्रीन कार्डावर राहणारा. परत गेला नाही तर ग्रीन कार्ड जाणार. मुंबई उच्च न्यायालयाने परवानगी नाकारली होती. सर्वोच्च न्यायालयाने आठ आठवड्यांसाठी जाऊ दिलं. जामिनाची अट ही माणूस खटल्याला हजर राहावा, तपास नीट व्हावा यासाठी असते आणि तेवढ्याच मापाची असावी, त्यापेक्षा जड झाली तर घटनेने दिलेलं संरक्षण नावापुरतं उरेल, असा त्या निकालाचा आशय आहे. तो लिहिणारे न्यायमूर्ती होते धनंजय चंद्रचूड. वडील १९७८च्या पीठात, मुलगा २०२०च्या. माझ्या वेल्डरच्या सहा महिन्यांत आणि या गृहस्थांच्या ग्रीन कार्डात तत्त्वाचा काही फरक आहे का? मला तरी दिसत नाही. फरक आहे तो दिल्लीपर्यंत पोचण्याच्या भाड्याचा.

मुदत संपण्याच्या दुखण्यावरही औषध आहे, लोकांना माहीत नाही एवढंच. कोर्टात खटला चालू असला की नवा पासपोर्ट मिळत नाही असं सगळे धरून चालतात. तसं नाही. २५ ऑगस्ट १९९३च्या केंद्र सरकारच्या अधिसूचनेप्रमाणे, खटला जिथे चालू आहे त्या कोर्टाची परवानगी आणली तर पासपोर्ट मिळतो. कोर्टाने मुदत लिहिली असेल तर तेवढ्या मुदतीचा, नसेल तर एक वर्षाचा. २०१४मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने त्याच्याही पुढे जाऊन सांगितलं की कोर्टाने नूतनीकरणाचाच आदेश दिला असेल तर तो नेहमीसारखा दहा वर्षांसाठी करावा. तेव्हा आपल्या नात्यागोत्यात कुणी अशा फेऱ्यात असेल तर दोन गोष्टी सांगाव्यात. पासपोर्ट नक्की कुणाच्या हातात आहे, पोलीस, कोर्ट की पासपोर्ट कार्यालय, ते आधी लेखी विचारा. आणि तो पडून आहे म्हणून मुदतीकडे डोळेझाक करू नका.

शेवटी एक ताजं प्रकरण सांगतो आणि थांबतो. शीना बोरा खून खटल्यातल्या मुख्य आरोपी इंद्राणी मुखर्जी यांना जुलै २०२४मध्ये मुंबईच्या विशेष न्यायालयाने दहा दिवस परदेशी जायची परवानगी दिली. सप्टेंबरमध्ये उच्च न्यायालयाने ती रद्द केली. फेब्रुवारी २०२५मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही जाऊ दिलं नाही. आरोप खुनाचा, तोही स्वतःच्या मुलीच्या. नाही म्हटलं तर कुणाला वाईट वाटायचं कारण नाही. पण नाही म्हणताना न्यायालयाने आणखी एक गोष्ट सांगितली, खटला एका वर्षात संपवा. घटना २०१२ची, अटक २०१५ची.

सगळ्या गोष्टीचं मर्म मला या शेवटच्या वाक्यात दिसतं. खटला वर्षभरात संपणार असेल तर पासपोर्ट वर्षभर कपाटात राहिल्याने कुणाचं आयुष्य मोडत नाही. फिर्यादीलाही खात्री, आरोपीलाही अंदाज. कोंडवाडा ही वाईट गोष्ट नव्हे. वाईट आहे तो असा कोंडवाडा, ज्याचा कारकून सात वर्षं जेवायला गेला आहे. मर्जीचं राज्य १९६७ साली कायद्याने संपलं असं मी वर्गात शिकवत असे. बादशहाच्या मर्जीची जागा आता तारखेने घेतली आहे, आणि तारखेला कुणी जबाबदार नसतं.

पासपोर्टाच्या पहिल्या पानावर राष्ट्रपतींच्या नावाने जगाला विनंती केलेली असते की या माणसाला विनाअडथळा जाऊ द्यावं, लागेल ती मदत करावी. कपाटात पडलेल्या पासपोर्टांतही ते पान असतंच. आपल्या देशाच्या राष्ट्रपतींची ती विनंती वाचण्याची पहिली जबाबदारी आपल्याच कचेऱ्यांची आहे, एवढंच म्हणायचं होतं.

असो. फार लांबलं.